बाबा खुर्चीतून उठले त्याची गोष्ट

आमच्या विनोदी मालिकेच्या सेटवरचं सगळ्यात जुनं माणूस म्हणजे जैसेथेताई. काल कप टेबलाच्या डाव्या कडेला होता, तर आजही तो तिथेच हवा, हे बघणं त्यांचं काम. संध्याकाळी फोटो काढायचे, कुलूप लावायचं, सकाळी फोटोशी सगळं ताडायचं. पाच पर्वं त्यांचा एकही कप हलला नाही. घरी मात्र स्वतःचा चष्मा रोज हरवायचा.

मालिकेतले बाबा पाच पर्वांत पाण्याच्या पेल्यासाठीही खुर्चीतून उठले नव्हते. आई धावायची, लोक हसायचे.

सहाव्या पर्वात ती खुर्ची सरकू लागली. आधी बोटभर, मग वीतभर, आईच्या ओट्याकडे. चित्रीकरणात ते दिसलं.

दिग्दर्शक म्हणाला, "ताई, आणखी एक चूक झाली, तर मला दुसरं माणूस बघावं लागेल."

ताईंना दुसरं काम येत नव्हतं. त्यांनी बाबांचं काम करणाऱ्या नटालाच गाठलं. "कुलूप लावल्यावर तुम्ही येता का हो आत?"

"मी घरी कप विसळत नाही," तो म्हणाला, "इथे येऊन काय करू?"

कपांचं ताई बोललेल्याच नव्हत्या.

त्या संध्याकाळी त्यांनी खुर्चीचे पाय चिकटपट्टीने जमिनीला चिकटवले. सकाळी पट्टी जशीच्या तशी, आणि खुर्ची ओट्याजवळ. ओट्यावर दोन कप पालथे, ओले. सेटवरचा नळ खोटा. त्याला पाइपच नाही.

ताईंनी खुर्ची मागे ओढली. हलेना. कुणी बसलेलं असावं इतकी जड. ताईंनी हात काढला.

"हे काय?" दिग्दर्शक दारातूनच म्हणाला.

"राहू द्या. पाच पर्वं बसून होते बिचारे. आत्ता कुठे उठलेत."

दिग्दर्शकाने नळ फिरवून बघितला. कोरडा. कपाला बोट लावलं आणि शर्टाला पुसलं. मग मला हाक मारून म्हणाला, "लेखक, आजचा प्रसंग बदला. बाबा कप विसळतात."

लोक मला म्हणतात, बाबांचं पात्र काय फुलवलंत हो. मी मान डोलावतो. ताईंची नोकरी टिकली. आता त्या फोटो संध्याकाळी काढत नाहीत, सकाळी काढतात.

आज ओट्यावर तीन कप होते. तिसऱ्याशेजारी ताईंचा चष्मा होता, काल घरी हरवलेला. काचा स्वच्छ पुसलेल्या.