केतकीच्या फायनलला

नागपूरहून निघताना मी सगळ्यांना सांगितलं की अमेरिका बघायला चालले आहे. कॉलनीतल्या बायकांनी न्यूयॉर्कची चौकशी केली, कुणी धबधब्याची. मी दोन्हीकडे जाणार नव्हते. ज्या खेळापायी माझी धाकटी बहीण आमच्या आईच्या शेवटच्या आजारपणात आली नाही, तो खेळ मला एकदा डोळ्यांनी बघायचा होता.

बहीण म्हणजे सुनंदा. तीस वर्षांपासून इंग्लंडमध्ये, यॉर्कशरमधल्या एका लहान गावात. तिची एकुलती एक मुलगी केतकी सातव्या वर्षापासून गोल्फ खेळते. सोळाव्या वर्षी ती मुलींमध्ये इंग्लंडची विजेती झाली, एकविसाव्या वर्षी बायकांमध्ये, आणि दोनदा देशाच्या संघात गेली. तरी ती धंदेवाईक झाली नाही. आठवड्याचे पाच दिवस ती चष्म्याच्या दुकानात लोकांचे डोळे तपासते आणि उरलेला वेळ खेळते. अशा खेळाडूला आपल्याकडे हौशी म्हणतात. हौस नक्की कुणाची, हा प्रश्न मला बारा वर्षं पडलेला होता.

या वर्षी केतकीला अमेरिकेतल्या हौशी बायकांच्या एका मोठ्या स्पर्धेचं बोलावणं आलं. सुनंदाने फोन केला. "ताई, तू कधीच तिला खेळताना पाहिलं नाहीस. ये ना." मी हो म्हटलं, आणि तिला आनंद झाला. त्या आनंदाचं मला वाईट वाटायला हवं होतं.

नॉर्थ कॅरोलिनातल्या कॅरी या गावी सुनंदाच्या मैत्रिणीची मुलगी मंजिरी राहते. मूळची पुण्याची, औषधांच्या कंपनीत नोकरीला. विमानतळावर तीच घ्यायला आली. सुनंदा आणि केतकी आदल्याच दिवशी तिच्याकडे पोचल्या होत्या. कॅरीत घरं मोठी, झाडं उंच आणि रस्त्यावर माणूस नाही. पहिल्या सकाळी मी फिरायला निघाले तर तीन गाड्यांनी वेग कमी करून माझ्याकडे पाहिलं.

"मावशी, इथे चालत कुणी जात नाही," मंजिरी म्हणाली. "मला सांगा, मी ड्राइव्ह करते. आज तसंही ऑफिसचं सगळं कॅन्सल केलंय."

तिने साबुदाण्याची खिचडी केली होती. केतकी ती चमच्याने, मन लावून खात होती. मी तिला आठ वर्षांनी पाहत होते. उन्हाने रापलेली, रुंद खांद्यांची, हळू बोलणारी. डाव्या हातात हातमोजा घालून खेळतात, त्यामुळे तो हात उजव्यापेक्षा गोरा दिसत होता. तिने मला वाकून नमस्कार केला आणि विचारलं, "मावशी, प्रवास ओके होता? यू मस्ट बी सो टायर्ड." तिच्याबद्दल मनात धरून ठेवलेलं काहीतरी तेव्हाच सैल व्हायला लागलं होतं. मी ते होऊ दिलं नाही.

दोन दिवसांनी आम्ही तिघी भाड्याच्या गाडीने दक्षिणेला निघालो. दीड तासाचा रस्ता. जसजसं पुढे जावं तसतशी लाल माती मागे पडून पांढरी वाळू दिसू लागते. समुद्र कितीतरी लांब आणि तरी सगळीकडे वाळू. तिच्यात चीडाची उंच सरळ झाडं, आणि खाली त्यांच्या वाळलेल्या सुयांचा तांबूस थर. या सुयांना इथे पाइन स्ट्रॉ (चीडाचा पेंढा) म्हणतात आणि लोक त्या बागेत पसरतात. ज्या गावात आम्ही उतरलो तिथे दुकानांच्या पाट्यांपासून हॉटेलच्या चादरींपर्यंत सगळीकडे गोल्फच होता.

मैदान पाहून मी थक्क झाले, हे कबूल करते. इतकी कापलेली, विंचरलेली जमीन मी कधी पाहिली नव्हती. चेंडू ज्या खळग्यात घालायचा त्याच्या भोवतालची हिरवळ इथे उपड्या परातीसारखी असते. नेम जरा चुकला की चेंडू कडेवरून घरंगळत खाली जातो. पहिल्या दिवशी माझ्या चपलांत वाळू गेली, ती झटकायला मी वाकले आणि तेवढ्यात पर्समधला फोन वाजला. केतकी नेमकी चेंडू ढकलण्याच्या बेतात होती. शंभर माणसं माझ्याकडे वळली. केतकी मागे सरली, माझ्याकडे बघून हसली आणि पुन्हा उभी राहिली. सुनंदाने माझ्या हातातून फोन घेऊन बंद केला. रागावली नाही.

पहिले दोन दिवस सगळ्याजणी खेळल्या, मग बाद फेरी सुरू झाली. एकीशी एक. केतकी रोज एकीला हरवत होती आणि सुनंदा दोरीच्या बाहेरून रोज आठ-नऊ किलोमीटर चालत होती, पाठीवर केळी, पाणी, छत्री घेऊन. ती ओरडत नसे, टाळ्याही वाजवत नसे. केतकीने वर पाहिलं की आपण दिसलो पाहिजे, अशा जागी मात्र नेमकी उभी असे.

तिसऱ्या दिवशी टोपी घातलेली एक बाई सुनंदाजवळ आली आणि म्हणाली, "तिकडचं पाणी संपलंय. जरा बघता?" तिला सुनंदा तिथली नोकर वाटली होती. सुनंदाने आपल्या पिशवीतली बाटली काढून दिली.

"तू काहीच का बोलली नाहीस?" मी विचारलं.

"ताई, इंग्लंडमध्ये पहिली दहा वर्षं हेच. एका क्लबात तर मला स्वयंपाकघराचं दार दाखवलं होतं. केतकी आत खेळत होती, मी गाडीत बसून डबा खाल्ला. मग तिच्या नावाची पाटी त्याच क्लबाच्या भिंतीवर लागली." ती पुढे चालू लागली. "बोलून काय होणार होतं? जिंकूनच झालं."

मला तिची कीव आली, आणि त्याच वेळी आई आठवली. आई नागपूरच्या इस्पितळात आठ दिवस होती. नंदा कधी येते, हे ती रोज विचारायची. सुनंदा फोनवर म्हणायची, "केतकीची स्पर्धा शनिवारी संपते. संपली की निघतेच." आई गुरुवारी गेली. सुनंदा सोमवारी आली. तोवर सगळं उरकलं होतं.

उपांत्य सामना केतकीने शेवटच्या खळग्यावर, म्हणजे होलवर जिंकला. संध्याकाळी सहाच्या सुमारास आम्ही रस्त्याकडेच्या एका साध्या हॉटेलात जेवायला गेलो. ऊन अजून टेबलावर होतं. मला ग्रिट्स (मक्याच्या भरडीचा पातळ सांजा) मिळाले, बेचव पण गरम. आणि हशपपी (मक्याच्या पिठाची गोल भजी), ती मात्र तिघींनी आवडीने खाल्ली. सुनंदा नवऱ्याला फोन करायला बाहेर गेली. श्रीकांत तिकडे जागा राहिला होता.

केतकी म्हणाली, "मावशी, थँक यू फॉर कमिंग. आजी पण असती तर, ना?"

मी ग्रिट्समध्ये चमचा फिरवला.

"मी नर्व्हस असते ना, तेव्हा एक गोष्ट आठवते. मम् म्हणाली होती, आजीने हॉस्पिटलमध्ये माझ्या कपचा फोटो पाहिला. शी स्माइल्ड. आणि मग ती गेली. प्रत्येक मोठ्या मॅचच्या आधी मी तेच आठवते."

दुसऱ्या दिवशी तिची फायनल होती, हे मला माहीत होतं. गप्प बसायला मला फक्त एक घास तोंडात घालायचा होता.

"आजी गुरुवारी गेली," मी म्हणाले. "तुझा कप शनिवारचा."

केतकीने काटा खाली ठेवला. "गुरुवारी?"

"गुरुवारी सकाळी. आठ दिवस तुझ्या आईची वाट बघत होती."

"मम्ला माहीत होतं? आजी आजारी आहे, हे?"

"पहिल्या दिवसापासून."

तिने खिडकीबाहेर पाहिलं. बाहेर सुनंदा फोन कानाला लावून हसत होती, हाताने हवेत चेंडूची वाट दाखवत होती. ती आत आली तेव्हा केतकी उठली आणि म्हणाली, "चला. मी गाडी आणते."

मला वाटलं ती दुसऱ्या दिवशी हरणार. खरं लिहायचं तर त्या सकाळी मला त्याची भीतीही वाटत होती आणि मी त्याची वाटही पाहत होते. समोर एकोणीस वर्षांची अमेरिकन कॉलेजातली मुलगी होती. केतकी तिच्याशी अशी खेळली की लोक बोलायचे थांबले. प्रत्येक चेंडू जिथे ठेवायचा तिथेच. चेहऱ्यावर काही नाही. सुनंदा नेहमीसारखी नेमक्या जागी जाऊन उभी राहत होती, आणि केतकीने दिवसभरात एकदाही वर पाहिलं नाही. दहाव्या होलनंतर सुनंदाने मला विचारलं, "तिला बरं नाही का?" मी म्हटलं, "मला काय ठाऊक." सामना शेवटपर्यंत गेलाच नाही. दोन होल शिल्लक असतानाच केतकीची आघाडी भरून निघण्यापलीकडे गेली आणि ती जिंकली.

हिरवळीवर टेबल मांडून चांदीचा मोठा कप ठेवला. माझ्या शेजारी उभ्या असलेल्या एका म्हाताऱ्या अमेरिकन बाईंनी विचारलं, "तुमची का?" मी सुनंदाकडे बोट दाखवलं. त्यांनी तिचा हात हातात घेऊन दाबला. केतकी दोन मिनिटं बोलली. गवत कापणाऱ्या माणसांचे आभार मानले, प्रतिस्पर्धी मुलीचं कौतुक केलं. मग म्हणाली, हा माझा शेवटचा सामना. टाळ्या वाजल्या. आईचं नाव तिने घेतलं नाही. सुनंदाही टाळ्या वाजवत होती, कारण तिचे हात आधीच सुरू झाले होते.

गाडीपाशी सुनंदा म्हणाली, "शेवटचा म्हणजे? मला सांगितलं नाहीस?"

"तू मला सांगितलंस? आजीचं?"

सुनंदाने माझ्याकडे पाहिलं. मी वाळूकडे पाहत होते.

"मी सोळा वर्षांची होते, मम्. यू कुड हॅव आस्क्ड मी. मी आले असते."

"ठाऊक होतं मला," सुनंदा म्हणाली. "तू आली असतीस. म्हणूनच नाही विचारलं."

केतकीने कप मागच्या सीटवर ठेवला, आपली गोल्फची पिशवी खांद्याला लावली आणि स्पर्धेच्या बसने विमानतळावर गेली. जाताना मला म्हणाली, "बाय, मावशी." नमस्कार केला नाही, आणि ते बरोबरच होतं.

आम्ही दोघी मंजिरीकडे परतलो. अजून दोन दिवस काढायचे होते. मंजिरीने कप पाहून सगळ्या मराठी मित्रमंडळींना जेवायला बोलावलं. सुनंदाने सगळ्यांना श्रीखंड वाढलं, केतकीला अर्जंट काम निघालं असं सांगितलं, कपासोबत फोटोही काढून घेतला. माझ्याशी ती फक्त "मीठ दे" आणि "गिझर चालू आहे" एवढंच बोलली.

विमानतळावर मात्र, माझ्या रांगेपाशी थांबून ती म्हणाली, "ताई, बारा वर्षं थांबलीस. एक दिवस अजून थांबली असतीस."

माझ्याजवळ तिला द्यायला एक गोष्ट होती. त्या बुधवारी, म्हणजे आई गेली त्याच्या आदल्या दिवशी, तिने मला विचारलं होतं, "केतकी जिंकली का गं? नंदाला म्हणावं, पोरीला अर्ध्यावर सोडून येऊ नकोस." हा निरोप मी सुनंदाला दिला नव्हता. तेव्हा राग होता म्हणून दिला नाही, आणि नंतर इतकी वर्षं झाली की द्यायला तोंड राहिलं नाही. त्या रांगेत तो माझ्या जिभेवर आला. मागच्या माणसाने पुढे सरकायला सांगितलं आणि मी सरकले.

नागपूरला येऊन आता तीन महिने झाले. अमेरिका कशी आहे, असं कुणी विचारलं की मी चीडाची झाडं सांगते, वाळू सांगते, रिकामे रस्ते सांगते. भाचीने कप जिंकला, हेही सांगते, आणि लोक कौतुक करतात. बहिणीचं विचारलं की बरी आहे म्हणते. मी फोन लावलेला नाही. तिचाही येत नाही.