वाघ झऱ्याच्या वरून गेला

मला मंचरला उतरायचं होतं. जाग आली ती जुन्नरच्या स्टँडवर.

पहाटे पुण्याला अकोल्याहून आलेली गाडी सोडली, शिवाजीनगरहून एसटी पकडली, खिडकीची जागा मिळाली म्हणून खूश झाले आणि राजगुरुनगरच्या पुढे कधीतरी झोपले. कंडक्टर म्हणाला, "मावशी, मंचर लई मागं ऱ्हायलं की! दोनदा हाक मारली तुमाला." शिवनेरी पाहायची इच्छा लहानपणापासून होती. ती अशी पुरी झाली, स्टँडवर चहा पिता पिता आणि मनातल्या मनात स्वतःला शिव्या देत. पर्समध्ये मी स्वतः काढलेला रस्त्याचा नकाशा होता. त्यात जुन्नर नव्हतंच.

एकतीस वर्षं मी शाळेत भूमिती शिकवली. दिलेलं काय, सिद्ध काय करायचं, हे आधी लिहून घेतल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. या प्रवासात दिलेलं काय हेच शेवटपर्यंत कळलं नाही, हे वाचकांना आधीच सांगून ठेवते.

जुन्नरहून जीपनं घोडेगावला आले. सुनंदा स्कूटर घेऊन उभी होती. ही माझी जुनी विद्यार्थिनी. आता आंबेगाव तालुक्याच्या पश्चिमेला, डिंभे धरणाच्या वरच्या अंगाला, कोंढ्याच्या वाडीत नर्स आहे. "बाई, वाघबारसेला या," असं दोन वर्षं म्हणत होती. दिवाळी सुरू होते त्या दिवशी आपण गाय-वासराची पूजा करतो. इथे डोंगरातले महादेव कोळी त्याच दिवशी वाघाचीही पूजा करतात. बिबट्यालाही इथे वाघच म्हणतात.

घोडेगाव सोडलं तशी दरी उघडत गेली. खाली धरणाचं पाणी काठोकाठ, वर हिरड्याची झाडं, मधल्या उतारावर पायऱ्या पायऱ्यांची भातखाचरं. भात कापून आडवं पडलं होतं आणि त्याचा ओला वास सगळ्या रस्त्यानं येत होता. आमच्याकडे जमीन डोळ्यापुढे सपाट पसरलेली असते, कुठे काय आहे ते दिसतं. इथे समोर दिसणाऱ्या घराशी पोचायला तासभर लागतो आणि तोपर्यंत ते घर तीनदा जागा बदलतं. मी सुनंदाला चार वेळा विचारलं, वाडी डावीकडे की उजवीकडे? ती म्हणाली, "बाई, वर."

दुसऱ्या दिवशी सकाळी वाघबारस. सुनंदा मला प्रथम हिराबाईकडे घेऊन गेली. हिराबाई चाळिशीची, विधवा, अंगानं काटक. वाडीपासून वर, झऱ्याच्याही वर, तिचं एकटीचं घर. तिनं नाचणीची भाकरी आणि खुरासणीची चटणी (आमच्याकडचं कारळं) पुढे ठेवली. एवढी चवदार चटणी मी आयुष्यात खाल्ली नसेल. दोनदा मागून घेतली. दाराशी एक तांबडी गाभण गाय बांधलेली होती. तिच्या शेजारी आणखी एक खुंटी होती, दाव्यासकट, पण रिकामी.

"वासरू होतं का?" मी विचारलं.

"व्हतं. श्रावणात वाघानं नेलं."

"कसं काय?"

"आमी शिवंच्या भाईर ना, बाई." शीव म्हणजे गावाची हद्द. "गोष्टीत आमचं घर न्हाई."

मला काहीच समजलं नाही. मग तिनं सांगितलं ते असं. या वाडीत वाघबारसेला एक गोष्ट सांगतात. फार पूर्वी वाघानं वाडीशी करार केला, की दिवस मावळायच्या आत तो एक फेरी चालेल आणि त्या फेरीच्या आत जे येईल त्याला कधी शिवणार नाही. तो कुठून कुठे गेला, ते सगळं गोष्टीत आहे. झऱ्याशी आल्यावर तो झऱ्याच्या खालून गेला. हिराबाईच्या सासऱ्याचं घर आधी खाली होतं, हद्दीच्या आत. धरण झालं, घर पाण्यात गेलं, त्यानं नवं घर झऱ्याच्या वर बांधलं. वाघाला हे कोणी सांगितलं नाही.

"मग गोष्टीत एक शब्द बदला," मी म्हणाले. "खालून गेला नाही, वरून गेला. झालं!"

हिराबाईनं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी वर्गात चुकीचं प्रमेय लिहिलंय. "गोष्ट बदलायची? कुनी?"

उतरताना सुनंदा वैतागून म्हणाली, "हद्दबिद्द काही नाही, बाई. गोठ्याला दार नाही. बिबट्याला आणखी काय पाहिजे?" वाटेत वाडीचे सरपंच भेटले. त्यांचं म्हणणं तिसरंच. गेल्या वर्षी गोष्ट अर्धी राहिली म्हणून वासरू गेलं. मी तिघांचंही ऐकून मान डोलावली आणि माझ्या डोक्याचा भुगा झाला.

वाघोबाचं ठाणं म्हणजे माळावर उभा केलेला एक शेंदरी दगड. दुपारी सगळी वाडी तिथे जमली. नव्या तांदळाची गुळाची खीर तीन दगडांच्या चुलीवर रटरटत होती. गुरं माळाच्या कडेला उभी केलेली. गोष्ट पुरी होईपर्यंत त्यांना घरी न्यायचं नाही, अशी रीत. धाकूबाबा म्हणून ऐंशीच्या पुढचे एक म्हातारे दगडाला पाठ लावून बसले. गोष्ट फक्त त्यांना येते, असं नव्हे. सगळ्यांनाच येते. पण सांगायची त्यांनी.

"हुंकारा कोण देनार?" ते म्हणाले.

सगळे माझ्याकडे बघायला लागले.

सुनंदानं कानाशी लागून घाईघाईनं नियम सांगितले. गोष्ट हा करार आहे. वाडीवाले करारातला एक पक्ष, म्हणून गोष्ट चालू असताना त्यांनी तोंड उघडायचं नाही. साक्षीदार बाहेरचाच लागतो, आणि त्यानं वाक्यावाक्याला 'हूं' म्हणायचं. हुंकारा आला की ते वाक्य पक्कं झालं. बाकी एक शब्द बोलायचा नाही. बोललं तर गोष्ट पहिल्यापासून. गेल्या वर्षी विजेच्या कामाला आलेला एक पाहुणा बसला होता, त्याला मध्येच फोन आला आणि तो 'हॅलो, हॅलो' करत जो गेला तो परत आलाच नाही. एरवी कुणाचा तरी जावई बसतो. यंदा एकही जावई सुट्टी काढून आला नव्हता.

"मला नाही जमणार," मी म्हणाले.

"निस्तं हूं म्हनायचं, बाई," धाकूबाबा म्हणाले. "शाळंत पोरं म्हनत्यात तसं."

मी बसले. गोष्ट सुरू झाली. एक म्हातारी होती. तिची एकुलती एक गाय वाघानं मारली. म्हातारी रडली नाही. तिनं भात शिजवला, पानावर घेतला आणि वाघाच्या गुहेशी गेली. म्हणाली, नुसतं मास खाल्लंस, घास अडकला असंल, भात खा. वाघ शरमला. म्हणाला, मी एक फेरी चालतो. निघाला या दगडापासून. खिंडीत गेला. हूं. झऱ्याशी आला, खालनं गेला. हूं. तीन खडकांशी आला. हूं. मी मनात आकृती काढत होते. दगड, खिंड, झरा, खडक. आता एक बिंदू मिळाला की बंद होणार.

"तितनं उंबराशी आला," धाकूबाबा म्हणाले.

मी खाली पाहिलं. तीन खडकांच्या पलीकडे नुसतं पाणी होतं. आणि माझ्या तोंडून गेलं, "उंबर कुठाय?"

कुणीतरी कपाळावर हात मारला. धाकूबाबांनी पाण्याकडे बोट केलं. "त्याच्या बुडाशी," म्हणाले, आणि पाण्याचा घोट घेऊन पुन्हा सुरुवात केली. "एक म्हातारी व्हती."

मला इतकी लाज वाटली की कान तापले. एकतीस वर्षं पोरांना 'मध्ये बोलू नका' म्हणून दटावलं, आणि इथे अख्ख्या वाडीची गुरं माझ्यामुळे ताटकळली. ऊन कलायला लागलं होतं. हिराबाई कडेला, तिच्या तांबड्या गायीच्या गळ्यात हात टाकून उभी होती. मी ओठ घट्ट मिटले.

म्हातारी, भात, गुहा. हूं. वाघ शरमला. हूं. दगडापासून निघाला, खिंडीत गेला. हूं.

"झऱ्याशी आला," धाकूबाबा म्हणाले. "हूं," मी म्हणाले.

"झऱ्याशी आला आनि..." ते थांबले. डोळे मिटले. उघडले. म्हातारपणी अर्ध्या वाटेत माणूस जसा आपण कशाला उठलो तेच विसरतो, तसा चेहरा झाला. माळावर चाळीस माणसं आणि प्रत्येकाला पुढचा शब्द माहीत. एकाचंही तोंड उघडेना. सरपंचांनी खाली पाहिलं. एक म्हातारी खोकली आणि गप्प झाली.

धाकूबाबा माझ्याकडे वळले.

"वरनं गेला?"

मी गप्प राहिले. मला उत्तर येत होतं. अर्ध्या तासापूर्वी ऐकलं होतं.

"खालनं गेला?"

आता नुसतं 'हूं' म्हणायचं होतं. खरं तेच. मी तोंड उघडणार तोच नजर हिराबाईकडे गेली. ती माझ्याकडे बघत नव्हती. गायीच्या पाठीवरून हात फिरवत ती वर, स्वतःच्या घराकडे बघत होती. मला भूमितीचा एकही नियम आठवेना. मी कोण? चार दिवसांची पाहुणी. कुणाची हद्द कुठे, हे ठरवायचा मला काय अधिकार? आणि उद्या त्या बाईनं या गोष्टीवर विसंबून गाय उघड्यावर बांधली आणि वाघानं नेली, तर? त्या गायीचं पाप माझ्या माथी.

धाकूबाबांनी तिसऱ्यांदा विचारलं, अगदी हळू, "वरनं?"

"हूं," मी म्हणाले.

धाकूबाबांनी मान डोलावली. "झऱ्याच्या वरनं गेला," ते खणखणीत आवाजात म्हणाले आणि मग कुठेही न अडखळता तीन खडक, उंबर, पुन्हा हा दगड अशी फेरी पुरी केली. गुरांना एकदम आवाज देत पोरंबाळं उठली, खिरीचं झाकण निघालं. जणू काही झालंच नव्हतं. हिराबाई गाय हाकत निघून गेली, खीर न घेताच.

मी पानावरची खीर घेऊन धाकूबाबांच्या शेजारी बसले. "बाबा, तुम्ही खरंच विसरला होतात?"

"काय इसरलो?"

"वाघ कुठून गेला ते."

त्यांनी खिरीचं बोट चाटलं. "तुमीच तर हूं म्हनला की," ते म्हणाले. "आता मला काय इचारता?" आणि आणखी गूळ मागितला.

सरपंचांना विचारलं तर ते म्हणाले, "आमाला बोलायचं नसतंय, बाई." सुनंदा हसत होती. मला मात्र हसू येईना. मी एका म्हाताऱ्याला फसवलं, की त्यानं मला वापरून घेतलं, की चाळीस माणसांनी गप्प राहून दोघांकडूनही काम करून घेतलं? या कोड्याचा उलगडा मला अजून झालेला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी एसटीच्या थांब्याशी हिराबाई आली. डोक्यावरून आणलेलं तांदळाचं गाठोडं तिनं माझ्या पिशवीशेजारी ठेवलं. मी रात्रभर घोकलेलं वाक्य बोलून टाकलं. "हिराबाई, मला खरं माहीत होतं. वाघ खालून गेला होता. माझ्या सांगण्यावर राहू नका. गोठ्याला दार बसवा."

"बसवते की," ती म्हणाली. "सुनंदाताई पत्र्याचं बघनारे. वाघानं शीव पाळली तरी कुत्री हायतीच."

"मग गोष्टीचं काय?"

गाडीचा आवाज वळणावर आला. ती माझा हात धरून म्हणाली, "धरण झाल्यापून दर वर्साला मी त्या माळावं उभी ऱ्हाते. सगळ्यांची घरं आत येत्यात आनि मी भाईर. काल पैल्यांदा आत आले." तिचे डोळे भरले. माझेही भरले, हे लपवण्यात अर्थ नाही. "पुढल्या वर्साला तुमीच या, बाई. दुसरा पावना बसला आनि बाबानं इचारलं तर तो काय म्हनंल, काय ठावं."

या वेळी मंचरला उतरले, जागी राहून. पुण्यात गाडीला उशीर होता. फलाटावर बसून मी वहीत दोन्ही आकृत्या काढल्या, एक झऱ्याच्या खालून, एक वरून. दोन्ही बंद होतात. दोन्हींत चूक काढता येत नाही. अकोल्याला आल्यावर मैत्रिणींना सगळं सांगितलं. एक म्हणाली, खोटी साक्ष दिलीस. एक म्हणाली, पुण्य केलंस. मला दोघींचंही पटलं आणि दोघींचंही पटलं नाही.

काल मुलाचा फोन आला. पुढच्या दिवाळीला त्याच्याकडे बंगळुरूला ये म्हणाला, आतापासून तिकीट काढतो म्हणाला. मी नाही म्हणाले. कारण विचारलं तेव्हा सांगता येईना. एवढंच म्हणाले, की त्या दिवशी मी तिथे नसले, तर एका बाईचं घर पुन्हा बाहेर जाईल.