केस मालेगावला हलवण्याचा अर्ज

बहिणीची केस भिवंडीच्या कोर्टात उभी राहून वर्ष होत आलं होतं, तेव्हा एका दुपारी तिच्या नावाने हायकोर्टाची नोटीस आली. मी शाळेतून भिवंडीतल्या टेमघरच्या घरी पोचलो तर ती दारातच कागद घेऊन उभी. तिच्या नवऱ्याने अर्ज केला होता. त्यात होतं, बायकोने माझ्यावर आणि माझ्या आईवडिलांवर लावलेली छळाची केस भिवंडीहून मालेगावला, म्हणजे त्याच्या गावच्या कोर्टात, पाठवा. भिवंडीला तारखेला येण्यात आमच्या जिवाला धोका आहे.

धोका कोणापासून, तर माझ्यापासून आणि ‘मेव्हण्यासोबत असणाऱ्या एका दाढीवाल्या गुंडापासून’. हा गुंड म्हणजे माझा शाळेपासूनचा मित्र. त्याच्या घरात आजोबांपासून यंत्रमाग आहेत. बहिणीला गर्दीत रिक्षा शोधत उभं राहावं लागू नये म्हणून तो तारखेला स्वतःची गाडी आणायचा. कोर्टाच्या फाटकाशी जावई दिसले तेव्हा त्याने विचारलं होतं, “काय जीजाजी, गाडी कुठे लावली?” एवढीच ती धमकी.

संध्याकाळी मित्राने अर्ज वाचला आणि आधी पोट धरून हसला. मग त्याचं बोट एका ओळीवर थांबलं.

“मी गुंड तर गुंड, चल. पण हे बघितलंस? ‘पत्नीच्या घरातील एका जबाबदार व्यक्तीने अर्जदाराच्या कुटुंबास फोनवर सावध केले आहे.’ तुझ्या घरातून कोण बोलतंय, यार?”

घरात आम्ही चौघं. मी, बायको, बहीण आणि अप्पा, आमचे वडील. त्या दिवसापासून घरात कोणाचाही फोन वाजला की बाकीचे तिघं बोलायचे थांबत.

माझा पहिला संशय बायकोवर गेला. बहिणीच्या नणंदेशी तिची मैत्री होती, केस झाल्यानंतरही दोघींचे फोन चालायचे. मी विचारलं तशी तिने फोन माझ्यासमोर ठेवला. “बघ. सगळं बघ. पण बघून झालं की माझ्याशी बोलायला येऊ नकोस.” मी फोनला हात लावला नाही. संशय मात्र गेला नाही. उलट वाटलं, हिला माहीत होतं मी बघणार नाही म्हणून.

मग बहीण. ती गच्चीवर जाऊन हळू आवाजात बोलायची. एकदा मी जिन्यात थांबून ऐकलं. गोदामातल्या ऑफिसच्या नोकरीबद्दल ती कोणाला तरी विचारत होती. खाली उतरताना तिने मला पाहिलं आणि फक्त म्हणाली, “ऐकून झालं?”

अप्पांना मी विचारलंच नाही. ते मूळचे दिघाशी गावचे, ठाण्यात कारकुनी करून निवृत्त झालेले, जावयाचं नाव निघालं तरी उठून जाणारे. नोटीस आली तेव्हा म्हणाले होते, “कोर्टाचा कागद हाय. काय बी लिवतात.”

काही दिवसांनी वकीलबाईंनी बोलावलं. समोरच्यांनी अर्जासोबत फोनचं रेकॉर्डिंग जोडलं होतं, त्याची प्रत आली होती. बहीण आणि मी त्यांच्या टेबलासमोर बसलो. त्यांनी कॉम्प्युटरचा आवाज वाढवला.

“व्याही, मी काय सांगतो, पोराला तारखेला नका धाडू. आमची पोरं लई तापलेली हायत. काय इपरीत व्हायला नको.”

वकीलबाईंनी विचारलं, “कोण आहे हे?”

बहीण म्हणाली, “अप्पा.”

आम्ही रिक्षाने घरी आलो. अप्पा पेपर वाचत होते. बहिणीने सरळ विचारलं, त्यांनीही सरळ सांगितलं. व्याह्यांचा फोन यायचा, अप्पा दूध आणायला बाहेर पडले की बोलायचे.

“व्याही हाय त्यो माजा. लग्न आमी दोगांनी ठरवलं. त्याने इचारलं, पोर कशी हाय, मी बोललो. त्याने माजं बोलणं भरून ठेवलं?” त्यांनी हे दोनदा विचारलं. मग म्हणाले, “पुढचं न्हाय ऐकवलं तुमाला? मी म्हटलं होतं, जरा थांबा, सगळे शांत झाले का मी पोरीला घेऊन मालेगावला येतो. समोरासमोर बसू.”

“मला घेऊन?” बहीण म्हणाली. “मला न विचारता?”

“तुला इचारलं असतं तर न्हाय म्हणली असतीस.”

“मग न्हायच होतं ना, अप्पा!”

ती आत गेली. अप्पांनी पेपराची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली.

दुसऱ्या दिवशी ते एकटेच वकीलबाईंकडे गेले आणि प्रतिज्ञापत्र करून आले. मला कोणी बोलायला सांगितलं नव्हतं, कोणी कोणाला धमकावलं नव्हतं, माझ्या मनातल्या भीतीपोटी बोललो, आणि माझं अर्धं बोलणं कापलेलं आहे, असं त्यात होतं. वकीलबाईंनी मला बाजूला घेऊन विचारलं, “सुनावणीपर्यंत यावर टिकतील ना?”

सुनावणीला मित्रानेच गाडी काढली. अप्पा पुढे बसले, बहीण मागे. हायकोर्टाच्या व्हरांड्यात व्याही हात जोडून अप्पांसमोर आले. “बरे आहात ना?” अप्पांनी त्यांच्या शर्टाच्या खिशाकडे पाहिलं. खिशात फोन होता. अप्पा दोन पावलं मागे सरकले आणि बहिणीच्या शेजारी जाऊन उभे राहिले. तिने त्यांच्याकडे पाहिलं नाही, पण जागा दिली.

न्यायाधीशांनी पूर्ण रेकॉर्डिंग मागितलं. नवऱ्याचे वकील म्हणाले, उरलेला भाग उपलब्ध नाही. त्यानंतर फार वेळ लागला नाही. केस भिवंडीतच राहील. साध्या तारखांना नवऱ्याला व्हिडिओवरून हजर राहता येईल. भीती वाटत असेल तर त्याने पोलिसांकडे संरक्षण मागावं. मित्र माझ्या कानाशी म्हणाला, “मतलब आपुन गुंड नाही.” मला हसू आलं, आणि मग डोळेच भरून आले.

बहिणीला गोदामाच्या ऑफिसात नोकरी लागली आहे. अप्पा दिघाशीला जाऊन राहिलेत. सुट्टीला ती अंबाडीपर्यंत बसने जाते, पुढे अप्पा तिला न्यायला येतात. फोनवर मात्र आधी विचारतात, “कोन हाय? भरून न्हाय ना घेत?” बायको माझ्याशी पूर्वीसारखी बोलते, फक्त मी खोलीत आलो की आपला फोन मला दिसेल असा उघडा ठेवते. मी तिला तसं करू नकोस म्हणून सांगितलं. ती ठेवतेच.

पुढच्या तारखेला बहिणीची साक्ष आहे. अप्पांना कोर्टात यायचं आहे. तिने अजून हो म्हटलेलं नाही.