ओली अक्षरं

शांघायला विमान बदलायला नऊ तास होते, म्हणून आम्ही नवरा-बायको शहर बघायला बाहेर पडलो. उंच इमारती बघून मान दुखायला लागली, तेव्हा एका बागेत टेकलो. तिथे एक आजोबा लांब दांड्याचा कुंचला पाण्यात बुडवून फरशीवर अक्षरं काढत होते आणि वाळत आलेल्या ओळींवरूनच बादलीकडे ये-जा करत होते.

उठताना माझा पाय एका ओल्या अक्षराला लागला. काय लिहिलं होतं, देव जाणे. मी सवयीने वाकलो, त्याला बोटं लावून ती कपाळाला टेकवली.

“अहो, पाणी आहे ते,” बायको हसत म्हणाली.

आजोबा हसले नाहीत. माझ्या ओल्या कपाळाकडे क्षणभर बघत राहिले. मग बादलीकडे जाताना आपल्याच अक्षरांना वळसा घालून गेले.