मिरची थोडी उजवीकडं

आमच्या बायकांच्या गटाच्या शेंगदाणा चटणीला लेबल छापायचं होतं. गटाची प्रमुख माझी थोरली जाऊ. तिच्यासोबत मी मुरुम गावाला गेले, ते नुसतं सोबत म्हणून. परक्या माणसापुढं माझा आवाज निघत नाही. शाळेत चौथीपर्यंत होते, तेव्हाही कविता म्हणायला उभं केलं की मी फळ्याकडं बघत राहायची.

छपाईच्या दुकानदारानं कॉम्प्युटरवर पिवळी चौकट काढून तिच्यात एक लाल मिरची आडवी ठेवली. देठ डावीकडं, शेंडा उजवीकडं.

"लई भारी! छापा भाऊ," जाऊ म्हणाली.

मला मात्र मिरची डावीकडं सरकलेली दिसत होती. एकदा छापलं की प्रत्येक पाकिटावर ती तशीच राहणार. मी जाऊचा पदर ओढला आणि तिच्या कानात सांगितलं.

तिनं ते दुकानभर केलं. "आमच्या धाकटीला मिरची सरकलेली दिसायलीय! भिंतीवरचं कॅलेंडरबी रोज सरळ करती ही."

दुकानदार हसला. "मावशी, हे बघा. देठाकडं जेवढी जागा, तेवढीच शेंड्याकडं. मशीनचं माप हाय, चुकत न्हाय."

माप खरंच बरोबर होतं. पण वाकळ शिवताना त्रिकोणी ठिगळ आडवं लावायचं असलं, तर ते मापानं मधोमध लावून चालत नाही. रुंद बाजूकडं ओढल्यासारखं दिसतं. मग टोक जरा काठाजवळ न्यावं लागतं. हे मला कुणी शिकवलं नाही, टाके उसवून उसवून कळलं.

मी दुकानदाराकडं न बघता कॉम्प्युटरकडंच बघून बोलले. "देठाकडं अंग जाड हाय. नजर तिकडंच जाती. थोडी उजवीकडं घ्या."

त्यानं सरकवली. "एवढी?"

"अजून एक दोराभर."

"आता?"

"बास."

त्यानं खुर्ची मागं घेतली, एक डोळा मिटून बघितलं. मग जाऊला काही न विचारता लेबल छपाईला लावलं आणि कॉम्प्युटरवर दुसरंच काम उघडलं. लग्नाची पत्रिका होती.

"मावशी, ह्यो गणपती सकाळपासनं मधोमध बसंना. सोंडेमुळं व्हय का?"

"घ्या! गेली आपली एसटी," म्हणत जाऊ बाकावर टेकली. मी स्टूल पुढं ओढलं.