धुरपदाअक्का बोदवडला जाऊन येतात

म्हैस विकली आणि धुरपदाअक्कांच्या दुपारी रिकाम्या झाल्या. शिंदखेड्यातलं वाचनालय त्यांच्या घराच्या मागच्याच गल्लीत. सातवी शिकलेल्या अक्का तिथं जाऊन बसू लागल्या. नरडाण्याच्या एमआयडीसीत कामाला असलेला त्यांचा मुलगा नवल खूश झाला. माय गुंतली म्हणजे घर शांत.

पहिल्याच दिवशी अक्कांनी ग्रंथपाल भूषणला बजावलं, "कथा-कादंबरी माले नको. खोटंनाटं कसाले वाचू? माहिती दे."

माहितीला तोटा नव्हता. मधमाशीपालन, ग्रहतारे, मोटार रिवाइंडिंग, वारसाहक्काचा कायदा, लहान मुलांचे आजार असं सगळं एका भिंतीला लागून उभं होतं. अक्कांनी डावीकडून सुरुवात केली. अडचण एवढीच, की त्या वाचलेलं घरी वापरत.

सून दिपमालाच्या माहेरची माणसं आली होती, मांड्यांचा बेत होता. अक्का ताटासमोर बसल्या आणि म्हणाल्या, "हाई आते पोटमा कोठे कोठे जास, माहीत शे का?" मग त्यांनी घासाचा सगळा प्रवास शेवटच्या मुक्कामापर्यंत सांगितला. पाहुण्यांनी मांडे तसेच ठेवून हात धुतले.

पुढे मोरीत साप निघाला. गल्ली काठ्या घेऊन जमली. अक्का चष्मा लावून सापांच्या पुस्तकाची पानं उलटत दारात उभ्या. "थांबा रे! पोटना रंग दिसत नही. कोणी तरी त्याले उलटा करा!" कोणी पुढे झालं नाही. साप थोडा वेळ थांबला आणि नाल्याकडे निघून गेला.

त्यानंतर अक्का शब्दकोशाकडे वळल्या.

"अक्का, हा संदर्भग्रंथ आहे. घरी नेता येत नाही," भूषण म्हणाला.

"मंग आठेच वाचस," म्हणून अक्कांनी 'अ' काढला. वाचनालय बंद करायची वेळ झाली तरी त्या उठेनात. भूषणची गावाकडची बस रोज चुकू लागली. अखेर नवल आणि तो चहाच्या टपरीवर भेटले. दोघंही त्रासलेले.

"हिला एखादी गोष्ट वाचायला द्या हो," नवल म्हणाला. "गोष्टीतलं काही घरात करता येत नाही."

भूषणनं एका कादंबरीला खाकी कव्हर घातलं आणि ती अक्कांच्या हातात दिली. "ही बोदवडच्या रत्ना नावाच्या बाईची हकीकत आहे."

बोदवड खरं गाव. अक्कांनी पुस्तक घेतलं. नवरा सोडून गेलेली रत्ना स्टेशनजवळ खानावळ चालवते, लोकांची बोलणी खाते, पोरीला शिकवते. अक्का चुलीपाशी बसून डोळे पुसत होत्या. घर खरोखर शांत झालं. पण शेवटच्या पानावर रत्ना फलाटाकडे बघत उभी राहते, आणि नवरा परत आला की नाही हे न सांगताच पुस्तक संपतं.

"नवरा उना का नही उना?" अक्कांनी नवलला विचारलं.

"माले काय माहीत, माय?"

"माहिती अर्धीच शे," अक्का म्हणाल्या. दुसऱ्या दिवशी नवल कामावर गेल्यावर त्यांनी पिशवीत खायला ज्वारीचे बिबडे भरले, सुनेला "उनूच", म्हणजे आलेच, असं सांगितलं आणि नरडाण्याहून गाडी धरली. भुसावळला गाडी बदलून त्या बोदवडला उतरल्या.

स्टेशनबाहेर बेबाबाईची चहाची टपरी होती. अक्कांनी रत्नाची चौकशी केली.

"रत्ना कोणी नाही इथं," बेबाबाई म्हणाली. "नवरा सोडून गेलेली पाहिजे असेल तर मी आहे."

अक्का बाकावर टेकल्या. "मंग? परत उना का?"

"आला ना. मी म्हटलं, चहा पी, कप विसळ आणि आलास तसा जा."

"कप विसळा का त्यानी?"

"विसळला."

"मंग?"

"मंग काय, ठेवून घेतला. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच विसळला होता. आता दूध आणायला गेलाय."

इकडे सासू अजून आली नाही म्हणून दिपमालाचा नवलला फोन गेला, तसा 'माहिती अर्धीच' हे आठवून तो धावत वाचनालयात आला. भूषणनं अक्कांच्या मोबाइलवर फोन लावला आणि कबूल करून टाकलं, "अक्का, परत या. ती कादंबरी आहे. रत्ना खरी नाही."

"लिखनारा बोदवडले उनाच नही व्हई," पलीकडून अक्का म्हणाल्या. "त्याले कसं माहीत राही? माले बठ्ठं, सगळंच समजी गे."

परत आल्यावर त्यांनी पुस्तकाच्या शेवटच्या कोऱ्या पानावर पेननं लिहिलं: नवरा आला. कप विसळला. ठेवून घेतला. सध्या दूध आणतो. भूषणनं दंड करायला हवा होता, पण आता लोक ते पुस्तक मागून नेत आणि मागचं पान आधी उघडत.

दिवाळीनंतर बेबाबाई नवऱ्याला घेऊन शिंदखेड्याला अक्कांच्या भेटीला आली. अक्कांनी तिला थेट वाचनालयात नेलं आणि पान दाखवलं. बेबाबाईनं बोट ठेवून सगळं वाचलं.

"दूध नाही हो," ती म्हणाली. "तेव्हा तो साखर आणायला गेला होता. दूध म्हणून मी उगाच सांगितलं."

अक्कांनी भूषणकडे हात पुढे केला. "पेन दे."