परीसाठी टाळ्या

अमेरिकेत, मिशिगनमधल्या नोव्हायला एका काकांच्या बेसमेंटमध्ये आमचं अख्खं मराठी मंडळ जमलं होतं, कारण त्यांची मुलगी टीव्हीवर परी होणार होती. व्हिक्टोरियन काळातला पऱ्यांचा विनोदी ऑपेरा, तिच्या कॉलेजने मागच्या महिन्यात बसवलेला, त्याचं रेकॉर्डिंग लोकल चॅनेलवर. काका मंडळाचे अध्यक्ष. मी गेले ते कामासाठी. माझी धाकटी बहीण मार्चमध्ये एकवीस वर्षांची होणार. त्या दिवशी आईबाबांच्या व्हिसावरून तिचं नाव गळणार; दुसरी सोय झाली नाही तर देश सोडून चालू लाग. इथे आली तेव्हा तिला धड बोलताही येत नव्हतं. हा नियम बदला म्हणून आम्ही मोहीम चालवतो. जेवणाआधीच्या अनाउन्समेंटमध्ये मला पाच मिनिटं हवी होती.

"मंडळात पॉलिटिक्स नको गं," काका म्हणाले.

चकल्यांची ऑर्डर चालते. घरं विकणाऱ्या एजंटचं लांबलचक भाषण चालतं. हे मात्र पॉलिटिक्स!

ऑपेरा बघतंय कोण? मागच्या रांगेत काकांची मुलगी दिसली की सगळे फोन उंचावून टीव्हीचंच शूटिंग करायचे. "आली, आली! डावीकडून तिसरी!" बाकी वेळ शाळांचं रेटिंग आणि पनीर. शेवट तेवढा गप्प बसून पाहिला. माणसाशी लग्न केलं म्हणून हद्दपार केलेली परी, तिचा अर्धा इकडचा, अर्धा तिकडचा मुलगा. कायदाच मूर्ख आहे हे सगळ्यांना कळतं आणि तो उभ्या उभ्या बदलून टाकतात. बेसमेंट टाळ्यांनी दणाणलं. एका काकूंनी तर डोळे पुसले.

मी उठून टीव्ही म्यूट केला आणि बहिणीकडे बोट दाखवलं. "परीसाठी कायदा बदलला तर टाळ्या. हिला मार्चनंतर इथे राहता येणार नाही, त्याचं काय?"

"ताई, प्लीज यार," बहीण पुटपुटली. याच लोकांच्या मुलांना ती दर रविवारी लेझीम शिकवते.

"अगं, पण तू तर इथलीच ना?" डोळे पुसणाऱ्या काकू.

"नाही काकू."

"होईल गं काहीतरी," काका म्हणाले. "चला, पुऱ्या गार होतायत."

होईल गं काहीतरी! स्वतःचं ग्रीन कार्ड पाकिटात पडलं की या लोकांना हा मंत्र येतो.

"सोमवारी काँग्रेसमनच्या ऑफिसला फोन कोण करणार?" मी विचारलं. "हात वर करा."

एकच हात वर आला, काकांच्या मुलीचा. तिच्या आईने तो खाली ओढला आणि त्यात पेपर प्लेट्सचा गठ्ठा दिला.